लिंबावरचा मावा

बेंगळुरूच्या राजाजीनगरातल्या त्या बोळात आयुधपूजेला, म्हणजे खंडेनवमीला, कुणी बाजारातून लिंबं आणत नसे. स्कूटरच्या चाकाखाली ठेवायची असोत की मोटारीच्या, लिंबं सगुणाबाईंच्या झाडाचीच. झाड फाटकाच्या आत होतं, पण निम्म्या फांद्या रस्त्यावर झुकलेल्या. त्यामुळे ते आपलंही आहे असं गल्लीतल्या प्रत्येकालाच वाटे, आणि सगुणाबाईंची त्याला ना नव्हती.

त्या वर्षी दसरा जवळ आला आणि झाड बिघडलं. पहिली तक्रार आणली समोरच्या देवाप्पांनी. ते आपली मोटार रोज त्या फांद्यांच्या सावलीत लावत.

“अक्का, वरून काय सांडतंय हो? काचेवर साखरेचा पाक ओतल्यासारखं झालंय. वायपर फिरवला तर सगळंच चिकट.”

सगुणाबाईंनी बोट लावून पाहिलं. खरंच चिकट होतं. मग त्यांनी एक फांदी खाली ओढली. कोवळी पालवी द्रोणासारखी आत वळली होती. एक पान उलटं केलं तर त्यांच्या अंगावर शहाराच आला. मोहरीपेक्षा बारीक काळपट किडे देठापासून टोकापर्यंत एकमेकांना चिकटून बसले होते, तीळभर जागा रिकामी नव्हती. जुन्या पानांवर चुलीजवळच्या भिंतीसारखी काजळी धरली होती. खोडावरून मुंग्यांची रांग वर चालली होती, दुसरी खाली येत होती.

“हेनु,” देवाप्पा म्हणाले. “झाडाच्या उवा.”

“अहो, जरा बाहेर या!” सगुणाबाईंनी हाक मारली.

भगवंतराव लगेच आले. हल्ली ते कुठल्याही हाकेला लगेच येत. पीण्याच्या औद्योगिक वसाहतीत त्यांचं लेथ मशीनचं छोटं वर्कशॉप होतं. उभी हयात त्यांनी लोखंड कातण्यात घालवली, आणि गेल्या वर्षी गुडघे बोलू लागले तेव्हा मशिनं विकून शेडला कुलूप लावलं. तेव्हापासून घरातले नळ गळत नसतानाही दुरुस्त होत होते. मिक्सर दोनदा उघडून परत जोडला गेला होता. सगुणाबाईंना कधी राग येई, कधी वाईट वाटे. एवढे कामाचे हात, आणि आता दिवसभर पेपरच्या घड्या घालतात.

झाडाने त्यांना काम दिलं. संध्याकाळपर्यंत त्यांनी मोबाइलवर कितीतरी व्हिडिओ पाहिले आणि जेवताना जाहीर केलं, “मावा आहे तो.”

“मावा? पेढ्यातला?”

“हसू नकोस. किड्याचं नाव आहे. पानातला रस शोषतो आणि गोड पाणी टाकतो. त्या गोडासाठी मुंग्या येतात, आणि त्याच गोडावर काजळी धरते. मुंग्या त्याला गाईसारखं पाळतात म्हणे. राखण करतात.”

दुसऱ्या दिवशी त्यांनी धुण्याचा साबण किसला, कोमट पाण्यात विरघळवला, हातपंपाने पालवीवर मारला. सगुणाबाई खाली उभ्या राहून फांद्या वाकवून देत होत्या. दोनतीनदा असं केल्यावर मावा बराच कमी झाला. देवाप्पांच्या काचेवरचा पाकही कमी झाला. भगवंतरावांच्या चेहऱ्यावर सगुणाबाईंना पुष्कळ दिवसांनी वर्कशॉपमधलं हसू दिसलं. काम अचूक बसल्यावर येणारं.

पण एका सकाळी ते आत आले तेव्हा ते हसू नव्हतं.

“नवीनच काहीतरी आलंय. बघ चल.”

माव्याच्या उरल्यासुरल्या गर्दीत काळ्या रंगाच्या, पाठीवर नारिंगी ठिपके असलेल्या अळ्या फिरत होत्या. अंगावर बारीक काटे, पुढे सहा पाय, शेपटीकडे निमुळत्या. सुसरीचं पिल्लू तांदळाएवढं केलं तर असंच दिसेल.

“अय्यो, किती ओंगळ!” सगुणाबाई मागे सरकल्या.

“हे त्या माव्याचे बाप दिसतात. साबणाला दाद देणार नाहीत.”

“मरू देत. पावसाळा संपला की जातील आपोआप.”

“आणि झाड गेलं म्हणजे?” भगवंतराव एकदम चिडून बोलले. “फांद्यांची टोकं वाळायला लागलीयत, दिसत नाही तुला? गल्लीत सगळे विचारतात, भगवंतण्णा, लिंबाचं काय झालं. काय सांगू? एवढंसं झाड सांभाळता येत नाही म्हणून?”

‘सरी, ठीक आहे, करा काय करायचं ते,’ असं मनाशी म्हणून सगुणाबाई स्वयंपाकाला लागल्या. पुढे कितीतरी दिवस त्यांना हेच टोचत राहिलं, की तेव्हा आपण दोन शब्द जास्त का बोललो नाही.

त्यानंतरच्या गुरुवारी सकाळी भगवंतराव पाठीवरचा मोठा पंप घेऊन झाडाखाली उभे होते. पंप नवा नव्हता. “विठोजीकडून आणला,” ते म्हणाले. विठोजी पीण्यातला त्यांचा जुना जोडीदार. त्याची रामनगरकडे थोडी शेती होती.

“काय मारताय?”

“साबणाचंच पाणी. स्वल्प घट्ट केलंय.”

“वास कसला येतोय?”

“कडुनिंबाचं तेल घातलंय त्यात. तू आत जा, डोळ्यांत जाईल.”

वास कडुनिंबाचा वाटला नाही. रॉकेल आणि कुजलेला लसूण एकत्र केल्यासारखा होता. पण चाळीस वर्षांच्या संसारात नवरा खोटं बोलल्याचं त्यांना आठवत नव्हतं, म्हणून त्या आत गेल्या. खिडकीतून दिसत होतं, ते नळी वर धरून फवारत होते आणि तुषार वाऱ्यासोबत खाली त्यांच्याच तोंडावर येत होते. पंपाचं झाकण नीट बसत नसावं, सदऱ्याची पाठ भिजून अंगाला चिकटली होती.

फवारा आटोपल्यावर ते आंघोळीला न जाता तसेच पायरीवर बसले आणि वर बघत राहिले. किडे पडताना बघायचे होते त्यांना.

सगुणाबाईंनी तेवढ्यात पिवळी झालेली लिंबं काढून घेतली. आयुधपूजेपर्यंत ती टिकली नसती. पदराने पुसली, पिशवीत भरली आणि पार्सल नेणाऱ्या मुलाला बोलावून लेकीकडे पाठवून दिली. श्वेता एचएसआर लेआउटला राहायची. नवरा वेदांत पुण्याचा, दोघंही कॉम्प्युटरच्या नोकरीत. त्यांची चार वर्षांची मुग्धा अज्जीच्या लिंबाचं सरबत दिलं तरच दुपारी जेवायची. पुण्याची आजी चिवड्याने जिंकते, बेंगळुरूची अज्जी सरबताने, असं वेदांत म्हणे.

पिशवी गेली. सगुणाबाईंनी कुकर लावला. तिसरी शिट्टी होते न होते तोच बाहेर काहीतरी पडल्याचा आवाज आला.

भगवंतराव पायरीखाली बसले होते. घाम असा की आत्ताच डोक्यावर घागर ओतलीय. तोंडातून लाळ गळत होती, ती पुसायचंही त्यांना सुचत नव्हतं. पोट दोन्ही हातांनी आवळून धरलं होतं.

“अहो! काय होतंय?”

“दिसत नाहीये नीट,” ते म्हणाले. “लाईट का बंद केलीस?”

भर दिवस होता. सगुणाबाईंनी गॅस बंद केला की नाही तेही त्यांना नंतर आठवेना. “देवाप्पा! देवाप्पा अण्णा, बन्नी, लवकर बन्नी!” असं ओरडत त्या फाटकाकडे धावल्या.

मोटारीत भगवंतरावांना दोनदा उलटी झाली. सगुणाबाईंनी त्यांचं डोकं मांडीवर घेतलं होतं. हृदयाचा झटका, हा एकच शब्द त्यांच्या डोक्यात घणासारखा आपटत होता. हाताखाली त्यांच्या दंडाचे स्नायू बारीक बारीक उडत होते, कातडीखाली किडे वळवळावेत तसे.

हॉस्पिटलच्या कॅज्युअल्टीत रक्षिता नावाची तरुण डॉक्टर होती. ती कन्नडमध्ये भराभर विचारत गेली आणि सगुणाबाई सांगत गेल्या. साखर नाही, बीपीची गोळी आहे, सकाळी उपमा खाल्ला, छातीत दुखतंय म्हणाले नाहीत. डॉक्टरने भगवंतरावांच्या डोळ्यांवर टॉर्च मारला, मग अंगावरच्या सदऱ्याला नाक लावलं आणि एकदम सरळ झाली.

“आज सकाळी काही फवारलं का यांनी?”

“हो, लिंबाला. साबणाचं पाणी.”

“साबण नाही हा, अम्मा.” तिने सगुणाबाईंना जवळ ओढलं. “डोळे बघा. बाहुल्या सुईच्या टोकाएवढ्या झाल्यात. नाडी मंद आहे. हे कीटकनाशक अंगात गेलंय, कातडीतून आणि श्वासातून. कुठलं होतं?”

“साबण म्हणाले मला.” सगुणाबाईंना स्वतःचाच आवाज लांबून आल्यासारखा वाटला. “साबण आणि कडुनिंब.”

डॉक्टर वळून ओरडली. दोन नर्सनी कात्रीने सदरा कापला, कपडे पिशवीत कोंबून बाहेर नेले आणि भगवंतरावांचं अंग साबणाने धुवायला घेतलं. एकीने हातात सुई टोचली.

“औषध मी सुरू करतेय, थांबणार नाही,” डॉक्टर म्हणाली. “पण बाटली लागेल. या विषाचे प्रकार असतात, पुढचे उपचार त्यावर ठरतात. आणि तुम्ही यांना धरून आणलंत ना? हात धुवा आधी, कोपरापर्यंत. साडी बदला. तुम्ही तर कशाला हात लावला नाही ना? त्या झाडाच्या पानांना, फळांना?”

तेव्हा सगुणाबाईंना पिशवी आठवली.

बेसिनपाशी हात घासता घासताच त्यांनी देवाप्पांना फोन धरायला लावला आणि श्वेताला लावला. रिंग वाजत राहिली. परत लावला. वेदांतचा लावला, तोही उचलेना. दुपारचं जेवण आता होईल. लेक लिंबू चिरेल, पिळेल. पिळताना सालीचा रस पेल्यात उतरतो. पोरगी पेला दोन्ही हातांनी धरते.

“उचला गं कुणीतरी,” त्या बेसिनला म्हणाल्या.

“अक्का, एचएसआरला जायचं का?” देवाप्पांनी विचारलं.

इथून एचएसआर म्हणजे अख्खं शहर ओलांडून जायचं. सिल्क बोर्ड चौकाच्या गर्दीत या वेळेला किती अडकू, सांगता येत नव्हतं. इकडे नवरा पडलेला आणि बाटली घरात. सगुणाबाईंनी डोळे मिटले आणि उघडले.

“घरी चला. मी फोन लावत राहते.”

नर्सने दिलेला हिरवा गाऊन साडीऐवजी गुंडाळून त्या मोटारीत बसल्या. आयुष्यात त्या अशा रस्त्यावर आल्या नव्हत्या, आणि त्याचं त्यांना भानही नव्हतं. श्वेता, वेदांत, श्वेता, वेदांत. मेसेज करायचा तर घाईत भलतीच अक्षरं पडत होती. शेवटी देवाप्पांनी सिग्नलला गाडी उभी असताना फोन घेतला आणि इंग्रजीत लिहिलं, ‘लिंबांना हात लावू नका, विष आहे.’ मेसेज गेला, पण वाचल्याची खूण येईना.

मग त्यांनी विठोजींना लावला. त्यांनी मात्र लगेच उचलला.

“वहिनी! काय म्हणतंय झाड?”

“भाऊजी, कसलं औषध दिलंत यांना? हॉस्पिटलात आहेत ते.”

“मी म्हटलं होतं त्याला, हातमोजे घाल, तोंडाला बांध. अर्धी बाटली उरली होती शेतातली...”

“नाव सांगा.”

“नाव आता... दुकानदाराने दिलं होतं, वहिनी. कोबीवरच्या अळीसाठी. मी नाव बघितलं नव्हतं.”

सगुणाबाईंनी फोन ठेवला. रागवायलाही वेळ लागतो.

फाटकाच्या आत शिरल्यावर त्या क्षणभर थबकल्या. फरशीवर किडे पडले होते, पुष्कळ. मावा, मुंग्या, त्या काळ्या सुसरी पाय वर करून, आणि दोन मधमाश्या, त्यातली एक अजून गोल गोल फिरत होती. झाड मात्र छान टवटवीत दिसत होतं.

बाटली लपवायची तर ते कुठे लपवतील? स्वयंपाकघरात नाही, तिथे त्या स्वतः असतात. जिन्याखाली त्यांच्या वर्कशॉपची हत्यारं ठेवली होती. तिथे सगुणाबाई कधीच हात लावत नसत. डॉक्टरने बजावल्याप्रमाणे त्यांनी दोन्ही हातांत प्लास्टिकच्या पिशव्या चढवल्या आणि वाकल्या. ड्रिलची पाती, ग्रीसचा डबा, पाने, चिंध्या. चिंध्यांखाली आणखी चिंध्या. फोन वाजला असं वाटून त्या दोनदा थांबल्या. वाजला नव्हता. ग्रीसच्या डब्यामागे पेपरात गुंडाळलेलं काहीतरी लागलं, आणि पेपर सुटताच तोच वास आला.

अर्ध्याहून जास्त लेबल फाटलेलं होतं. उरलेल्या तुकड्यावर कवटीचं चित्र, लाल त्रिकोण आणि नावाची शेवटची दोन अक्षरं. ‘फॉस.’

शेजारीच साबणाचा किसलेला चुरा एका वाटीत तसाच होता. साबणच मारायचा म्हणून किसला असावा, पण फवाऱ्यात तो घातलाच नव्हता. वाटी पाहिल्यावर मात्र सगुणाबाईंच्या डोळ्यांत पाणी आलं.

बाटली पिशवीत, पिशवी डब्यात असं करून त्या परत निघाल्या. अर्ध्या वाटेवर फोन खरोखरच वाजला.

“आई? अगं किती कॉल्स! मीटिंग चालू होती, फोन सायलेंटवर होता. काय झालं?”

“मुग्धा कुठाय?”

“इथेच, कार्टून बघतेय. का गं?”

“लिंबं...”

“मिळाली ना, थँक यू. आत्ताच सरबत केलं तिला.”

देवाप्पांनी गाडी बाजूला घेतली.

“प्यायली?”

“निम्मं प्यायली, निम्मं सांडलं सोफ्यावर. आई, काय झालंय? तू रडतेयस का?”

मग त्यांनी सांगितलं. सांगताना त्यांना कळत होतं की दुसऱ्या टोकाला आपली लेक पांढरी पडतेय. ज्या भीतीने आपण इतका वेळ होरपळतोय ती आता तिच्या पदरात टाकतोय, पण टाकण्यावाचून गत्यंतर नव्हतं.

“धुतली होतीस का लिंबं?”

“हो... म्हणजे नळाखाली धरली. नीट धरली की नाही आठवत नाही आई, मी मीटिंगमध्ये होते!” श्वेताचा आवाज फाटला. “मुग्धा, इकडे ये. मुग्धा, माझ्याकडे बघ. वेदांतला बोलावते. मी निघाले डॉक्टरकडे.”

हॉस्पिटलात रक्षिता डॉक्टरने बाटली हातमोज्यातून उजेडात धरली, अक्षरं वाचली, ‘एवढं पुरे, प्रकार कळला,’ म्हणाली आणि नर्सला काहीतरी सांगितलं. नातीचं कळल्यावर तिने स्वतः सगुणाबाईंचा फोन घेतला आणि श्वेताशी बोलली. लाळ गळतेय का, घाम, उलटी, डोळे, श्वास. एकेक विचारून घेतलं. “सरबताचा पेला फेकू नका, सोबत न्या. तिचे कपडे बदला, हाततोंड साबणाने धुवा. घाबरू नका, पण घरीही थांबू नका.”

फोन परत देताना ती म्हणाली, “फळावर लागलेलं थोडं असतं, अम्मा. आजोबांच्या अंगावर ओतलं गेलं होतं, तो प्रकार वेगळा. बहुतेक काही होणार नाही.”

बहुतेक. सगुणाबाई तो शब्द घेऊन आयसीयूबाहेरच्या बाकावर बसल्या. आत काचेपलीकडे भगवंतराव, हातात नळ्या, तोंडावर मास्क. शहराच्या दुसऱ्या टोकाला नात. मधे त्या, परक्याच्या हिरव्या गाऊनमध्ये. देवाप्पांची बायको साडी आणि डबा घेऊन आली. साडी त्या नेसल्या, डबा उघडला नाही.

नवऱ्याचा राग यावा म्हणून त्यांनी प्रयत्न करून पाहिला. खोटं बोललात, माझ्याशी, एका किड्यासाठी. पण मनात राग जमायच्या आत ती साबणाची वाटी समोर येई.

संध्याकाळी वेदांतचा फोन आला. “आई, ती ओके आहे. डॉक्टरांनी नीट चेक केलंय, आज रात्री ऑब्झर्वेशनला ठेवतायत, जस्ट टू बी सेफ. आत्ता ती इथल्या नर्सला स्टिकर मागतेय.” मागून मुग्धाचा आवाज येत होता, आणि मग ती स्वतःच फोनवर आली. “अज्जी, मला नवं सरबत पाठव. आईने माझं डब्यात बंद केलं.”

सगुणाबाईंनी फोन छातीशी धरला आणि मग कुठे डबा उघडला.

भगवंतरावांचं मात्र लवकर निस्तरलं नाही. दुसऱ्या दिवशी ते शुद्धीवर होते, तिसऱ्या दिवशी श्वास परत जड झाला आणि डॉक्टर धावले. हे विष गेल्यासारखं वाटतं आणि मागून पुन्हा येतं, असं रक्षिता म्हणाली. काचेपलीकडच्या यंत्राचा टिकटिक आवाज सगुणाबाईंच्या कानात घरी गेल्यावरही चालू राही. आयुधपूजा हॉस्पिटलातच गेली. पूजेच्या आधी त्यांनी गल्लीत दारोदार जाऊन सांगितलं होतं, “आमच्या लिंबांना हात लावू नका, खाली पडलेलंही उचलू नका.” का ते विचारल्यावर त्यांनी काही लपवलं नाही. देवाप्पांनी झाडावरची उरलेली लिंबं हातमोजे घालून काढली आणि खड्ड्यात पुरली.

भगवंतराव घरी आले ते काठी घेऊन. हात थरथरत होते. पहिल्या दिवशी ते झाडाकडे न बघताच आत गेले. रात्रीचं जेवण झाल्यावर ताटावरच बसून राहिले.

“तुला खोटं सांगितलं मी,” ते म्हणाले.

“हो.”

“तू नको म्हणाली असतीस.”

“म्हणालेच असते.”

“पीण्यात चाळीस वर्षं कुणी मला नको म्हणालं नाही गं. काय करायचं ते मी ठरवायचो. इथे...” त्यांनी हात उचलला, तो थरथरायला लागला तसा परत मांडीवर ठेवला. “मुग्धाला काही झालं असतं तर?”

सगुणाबाईंनी ताट उचललं आणि आत नेलं. मोरीपाशी उभ्या राहून पुष्कळ वेळ त्यांनी एकच पातेलं घासलं. मग येऊन त्यांच्यासमोर बसल्या. “यापुढे झाडाला पाणी जरी घातलंत तरी मला हाक मारायची,” त्या म्हणाल्या. “सरी?”

“सरी.”

पुढच्या रविवारी श्वेता मुग्धाला घेऊन आली तेव्हा सोबत तिची मैत्रीण सुचेता होती. सुचेता एचएसआरलाच राहायची, श्वेताच्याच ऑफिसात होती, पण मूळची नागपूरकडची. लहानपण मामाच्या संत्र्याच्या बागेत गेलेलं. तिने झाडाभोवती एक चक्कर मारली, पानं उलटीसुलटी करून पाहिली.

“काका, मावा परत येऊन राहिला ना,” ती म्हणाली.

आला होता. नव्या पालवीवर, आधीपेक्षा दाट.

“एवढं जहर मारूनही?” भगवंतरावांनी विचारलं.

“म्हणूनच. त्याला खाणारेच मेले ना. काळ्या, नारिंगी ठिपक्यांच्या अळ्या दिसल्या होत्या का तुम्हाला? सुसरीसारख्या?”

सगुणाबाई आणि भगवंतरावांनी एकमेकांकडे पाहिलं.

“त्या ढालकिड्याच्या अळ्या. लेडीबर्ड म्हणतो ना आपण, लाल पाठीचा किडा, त्याची पोरं. दिवसभर मावाच खातात. तुमचं काम त्या करून राहिल्या होत्या.”

भगवंतराव पायरीवर बसले.

सुचेताने एक पान तोडून उन्हाकडे धरलं. ती जरा जास्तच वेळ बघत राहिली, तशी सगुणाबाई जवळ सरकल्या. पानाच्या शिरांमध्ये अधूनमधून पांढुरके तुकडे दिसत होते, जणू कुणी सुईने रंग खरवडलाय.

“हे काय?”

“नक्की सांगता नाही येणार. मावा एका झाडावरून दुसऱ्यावर एक व्हायरस नेतो. ट्रिस्टेझा. लिंबाच्या पानात तो असा दिसतो. फांद्यांची टोकं वाळतायत ती त्यानेही असतील. पान तपासून घ्यावं लागेल.”

“आणि असला तर? औषध?”

“त्याला औषध नाही, काकू.”

फांदी कागदात गुंडाळून प्रयोगशाळेत तपासायला दिली गेली. निकाल येईपर्यंत सगुणाबाईंना पुन्हा तीच बाकावरची अवस्था आली. झाडासाठी एवढं कासावीस व्हावं का, असं स्वतःलाच दटावून झालं, उपयोग झाला नाही. निकाल आला तेव्हा त्यांनी तो श्वेताकडून दोनदा वाचून घेतला. व्हायरस होता. तपासणाऱ्या बाईंनी फोनवर समजावलं की इकडची पुष्कळ लिंबं हा रोग अंगात घेऊन वर्षानुवर्षं जगतात, काही अचानक वाळतात. हे झाड कुठल्या वाटेने जाईल ते कुणी सांगू शकत नाही. वाळलेल्या फांद्या छाटा, खत-पाणी नीट द्या, मावा धुवून काढत राहा. या झाडाची कलमं कुणाला देऊ नका.

देवाप्पांच्या अंगणात कुंडीत मोसंबीचं रोप होतं. सगुणाबाई त्याच संध्याकाळी रस्ता ओलांडून गेल्या.

“अण्णा, आमच्या झाडाचा रोग तुमच्या मोसंबीला लागू शकतो. मावा नेतो म्हणे. तुम्ही म्हणत असाल तर झाड काढून टाकते.”

देवाप्पांनी आपल्या रोपाकडे पाहिलं, मग समोर झुकलेल्या फांद्यांकडे. “कुंडी मी गच्चीवर मागच्या बाजूला नेतो, अक्का. झाड असू दे. मला गाडी कुठे लावायची मग?”

थंडी सरली आणि झाडाला पुन्हा पालवी फुटली. सगुणाबाई दुपारी आडव्या झाल्या होत्या, तेवढ्यात बाहेरून हाक आली.

“अगं, ये जरा!”

चप्पल न घालताच त्या बाहेर गेल्या. भगवंतराव बागेचा पाइप हातात धरून उभे होते, नळ बंद होता. खोडाला त्यांनी खाली चिकट पट्टी गुंडाळली होती आणि मुंग्या तिच्यापाशी येऊन गोंधळून मागे फिरत होत्या.

“त्या फांदीवर मावा धरलाय,” ते म्हणाले. “पाण्याने झोडपून काढावा म्हणतो. पण माझा हात हलतो, कोवळी पानं फाटतील. तू धरतेस का पाइप?”

सगुणाबाईंनी पदर खोचला. “द्या इकडे. नळ सोडा, पण हळू.”

ते काठी टेकत नळाकडे गेले. पाइप हातात थरारला, फुगला, आणि सगुणाबाईंनी अंगठ्याने तोंड दाबून धार पानांच्या पाठीवर धरली.

“आणखी थोडा सोडू?” भगवंतरावांनी विचारलं.

“थांबा,” त्या म्हणाल्या. “बघू द्या आधी.”